शिवेचा वाद : स्मृति, महजर आणि मोजणी

(१)

जुन्या शेतकरी घराण्याचें दप्तर सोडून बसलें, म्हणजे देण्याघेण्याचे, लग्नकार्यांचे व वतनाचे कागद हातीं येतात. आणि त्यांच्या तळाशीं बहुधा शेजाऱ्याशीं चाललेल्या जमिनीच्या वादाचा एखादा तरी पुडका बांधलेला असतो. राज्यें गेलीं, नाणीं बदललीं, मोडी जाऊन बाळबोध आली. परंतु 'बांध कोरणें' हा शब्दप्रयोग होता तसाच राहिला, आणि त्याबरोबर ती खोडही राहिली. दरसाल नांगराचें एखादें तास पलीकडे टाकावयाचें, पावसानें ढेकळें विरलीं म्हणजे जुनी कड कोणती व नवी कोणती हें ओळखू येईनासें होतें. दहा-पंधरा वर्षांनीं बांध हातभर सरकलेला असतो आणि दोन घरांचें बोलणें बंद झालेलें असतें.

कोणताहि नवा कागद उजेडांत आणणें हा प्रस्तुत लेखाचा हेतु नाहीं. शिवेच्या वादांत दोन निरनिराळे प्रश्न एकमेकांत गुंतलेले असतात, एवढेंच दाखवावयाचें आहे. 'शीव कोठें आहे' हा पहिला प्रश्न, व 'जमीन कोणाची आहे' हा दुसरा. पहिल्याचें उत्तर भूमीवर व शेजाऱ्यांच्या स्मरणांत असतें. दुसऱ्याचें उत्तर खरेदी, वारसा, दान व भोग यांच्या पुराव्यांत असतें. धर्मशास्त्रकारांनीं हा भेद कसा ओळखिला, मराठेशाहींतील गोतानें तो कसा हाताळिला, आणि मोजणी व कोर्टें आल्यापासून त्याचें काय झालें, हें क्रमानें पाहूं.

(२)

भूमीच्या वादाचीं कारणें सहा, असें कात्यायनाचें मत विज्ञानेश्वरानें मिताक्षरेंत उद्धृत केलें आहे. आधिक्य, न्यूनता, अंशाचें अस्तित्व, अंशाचें नास्तित्व, अभोगभुक्ति आणि सीमा हीं तीं सहा होत. विज्ञानेश्वर हा कल्याणीच्या चालुक्य सहाव्या विक्रमादित्याच्या राजवटींतील (१०७६ ते ११२६) ग्रंथकार. तो हीं कारणें व्यवहारांतील बोलण्यानेंच उलगडून दाखवितो. येथें माझी पांच निवर्तनांहून अधिक भूमि आहे असें एकानें म्हणावें व पांचच आहे असें दुसऱ्यानें म्हणावें, हा आधिक्याचा वाद. माझा यांत वांटा आहे, किंवा तुझा यांत वांटा नाहीं, हे अंशाचे वाद. पूर्वीं तुझा भोग नव्हता, तूं नुकताच शिरलास, हा अभोगभुक्तीचा वाद. आणि शीव ही येथून जाते कीं तेथून जाते, हा शुद्ध सीमेचा वाद.

आजच्या दिवाणी फिर्यादी चाळून पाहिल्या, तर क्षेत्र कमी भरलें, वांटणी झाली नव्हती, अतिक्रमण केलें, हद्द चुकीची दाखविली, असेच मथळे आढळतात. म्हणजे आठ-नऊशें वर्षांत वादांचीं नांवें बदललीं, जाति बदलल्या नाहींत. विज्ञानेश्वर पुढें असेंहि म्हणतो कीं, सहाहि प्रकारांत शेवटीं शिवेचा निर्णय करावाच लागतो, म्हणून या सर्वांचा समावेश सीमाविवादांतच होतो. सहा रोग निरनिराळे ओळखून मग सर्वांत नाडी एकच पाहावयाची, असा हा वैद्याचा क्रम आहे. पुढें ज्या घोंटाळ्याचें वर्णन करावयाचें आहे, तो हा क्रम सुटल्यामुळें झाला असें आमचें मत आहे.

(३)

सीमेचा निर्णय कसा करावा याविषयीं मनु व याज्ञवल्क्य यांचें सांगणें मोठें व्यवहारी आहे. मनूनें त्यासाठीं ज्येष्ठ मास सांगितला, कारण त्या वेळीं खुणा स्पष्ट दिसतात. मृगाच्या आधीं, उन्हानें गवत जळून गेलें असतां, आमच्या देशावरील शेताची कड जितकी उघडी दिसते तितकी वर्षांतून दुसऱ्या कोणत्याहि वेळीं दिसत नाहीं, हें शेतकऱ्यास सांगावयास नको.

खुणा दोन प्रकारच्या. उघड्या खुणांत वड, पिंपळ, पळस, सांवर, ताड व चिकाचे वृक्ष येतात. वेळूचीं बेटें, शमी, वारुळें, तळीं, विहिरी, झरे व देवळें येतात. परंतु झाड तोडतां येतें व विहीर बुजवितां येते, म्हणून गुप्त खुणाहि पुरून ठेवाव्या असें सांगितलें आहे: दगड, हाडें, गाईचे केस, कोंडा, राख, खापऱ्या, वाळलेलें शेण, विटा, कोळसे, खडे आणि वाळू. ह्या यादींतील मर्म असें कीं, जें भूमि लवकर खाऊन टाकीत नाहीं, तेंच पुरावयाचें. नारदाच्या मतें सीमेचे पांच प्रकार होतात. झाडांनीं ओळखावयाची ती ध्वजिनी, पाण्यानें ओळखावयाची ती मत्स्यिनी, पुरलेल्या वस्तूंनीं ओळखावयाची ती नैधानी, उभय पक्षांनीं संमतीनें ठरविलेली ती भयवर्जिता, व राजाज्ञेनें घातलेली ती राजशासननीता.

खुणांनीं निर्णय न झाल्यास साक्षी पाहावयाचे. हे साक्षी म्हणजे सामन्त. येथें सामन्त शब्दाचा अर्थ मांडलिक राजा असा नव्हे. समन्तात्, म्हणजे सभोंवतीं, ज्याची भूमि आहे तो सामन्त, म्हणजेच शेजारी. चार, आठ किंवा दहा अशा सम संख्येच्या शेजाऱ्यांनीं तांबडीं वस्त्रें नेसून, तांबड्या माळा घालून व डोक्यावर माती घेऊन, आपल्या पुण्याची शपथ वाहून शीव चालत दाखवावयाची. कार्य मोठें असल्यामुळें एकट्या माणसानें तें अंगावर घेऊं नये, मग तो कितीहि विश्वासू असो, असें नारद म्हणतो. शीव चालून झाल्यावर तीन पक्ष वाट पाहावयाची. त्या अवधींत त्यांच्यावर दैवाकडून किंवा राजाकडून कांहीं अरिष्ट आलें नाहीं, तर शीव खरी. खोटें बोलणाऱ्या सामन्तास मध्यमसाहस दंड. शेजारी किंवा गांवकरी साक्षी न मिळाल्यास मनु व्याध, पारधी, गुराखी, कोळी, कंदमुळें खणणारे, साप धरणारे व सरवा वेचणारे यांना विचारावयास सांगतो. ज्यांचे पाय रोज त्या भूमीवर पडतात, त्यांना शीव ठाऊक असते, एवढाच याचा अर्थ. धन व विद्या यांचा येथें संबंध नाहीं.

आणि शेवटीं, सर्वांनीं एकमुखानें सांगितलेली शीव त्या सर्वांच्या नांवांसह लिहून ठेवावी, असा मनूचा आदेश आहे. हा शेवटचा आदेश वाचकांनीं ध्यानांत ठेवावा; पुढें मराठी कागदांत तो जसाच्या तसा भेटणार आहे.

(४)

याहूनहि महत्त्वाचा एक नियम आहे आणि त्याकडे फारसें कोणाचें लक्ष गेलेलें दिसत नाहीं. आपल्या डोळ्यांदेखत दुसरा आपली भूमि वीस वर्षें भोगीत असतां जो बोलत नाहीं त्याची हानि होते, हें याज्ञवल्क्याचें वचन प्रसिद्ध आहे. ही हानि भूमीची कीं केवळ तिच्या उत्पन्नाची, याविषयीं टीकाकारांत मतभेद आहेत. विज्ञानेश्वर उत्पन्नाची असें म्हणतो. परंतु त्या वचनाच्या पाठोपाठ याज्ञवल्क्यानें अपवादांची यादी दिली आहे. गहाण, ठेव, जड व बालक यांचें धन, राजा, स्त्री व श्रोत्रिय यांचें धन. आणि ह्या यादींत आरंभींच गहाणाच्या लगत सीमा घातली आहे. मनूनेंहि असेंच सांगितलें आहे.

म्हणजे शास्त्राच्या मतें एखादें सबंध शेत मालकाच्या उपेक्षेनें धोक्यांत येऊं शकतें. पण बांध कोरून सरकविलेली शीव किती वर्षें लोटलीं म्हणून कोरणाऱ्याची होत नाहीं. याचें कारणहि मिताक्षरेंत दिलें आहे. कोंडा, कोळसे इत्यादि जुन्या खुणांनीं शीव सहज सिद्ध करतां येते, ह्या भरवशावर मालक गप्प बसला असण्याचा संभव असतो. म्हणून त्याच्या मौनाचा अर्थ संमति असा करूं नये. सबंध शेतांत परका शिरला तर तें गांवास दिसतें. वीतभर माती सरकली तर ती कोरणाऱ्याखेरीज कोणास दिसत नाहीं. न दिसणाऱ्या गोष्टीविषयींच्या मौनाची शिक्षा मालकास देऊं नये, ही ह्या नियमांतील न्यायबुद्धि होय.

(५)

आतां मराठी कागदांकडे वळूं. राजवाड्यांनीं १८९८ पासून 'मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें' प्रसिद्ध करण्यास आरंभ केला, तेव्हांपासून अनेक संशोधकांच्या श्रमानें वतनाचे, जमिनीचे व शिवेचे महजर बाहेर आले. महजर हा शब्द आरबी असून आपल्या 'हजर' शब्दाचा तो सगा भाऊ आहे. हजर असलेल्यांचा कागद तो महजर. त्याच्या आरंभीं हाजिर मजालसीचीं नांवें असतात: देशमुख, देशपांडे, आसपासच्या गांवचे पाटील व कुळकर्णी, शेटे महाजन, बलुते. शेवटीं त्यांच्या निशाण्या असतात. पाटलाचा नांगर, महाजनाची तराजू, आणि ज्याचें जें हत्यार तें त्याचें चिन्ह. सीमा साक्षींच्या नांवांसह लिहून ठेवावी असें मनूनें सांगितलें, त्याचेंच हें मराठी रूप. लिहिणाऱ्या कुळकर्ण्यास मनु ठाऊक असो वा नसो, रीत चालत आलेली होती.

वादाचा क्रमहि ठरलेला असे. उभय पक्षांनीं आपापली तकरीर द्यावयाची, गोत सांगेल तें मान्य करूं असा राजीनामा लिहून द्यावयाचा, जामीन द्यावयाचा. आपल्या स्थळीं न्याय होणार नाहीं अशी शंका एखाद्या पक्षास आली, तर तो परस्थळ मागूं शके. मग साक्षी, जुने कागद व प्रत्यक्ष शीव पाहून निर्णय होई. जिंकणाऱ्यास महजर मिळे; हरणाऱ्याकडून, माझा वाद खोटा झाला, पुन्हां सांगणार नाहीं, असें येजितखत लिहून घेत. एकाकडून हरकी व दुसऱ्याकडून गुन्हेगारी घेऊन सरकार आपला वांटा उचली.

येथें एक गोष्ट लक्षांत घेण्याजोगी आहे. ज्या लोकांनीं शीव कोठें आहे हें सांगितलें, त्यांनींच जमीन कोणाची हेंहि सांगितलें. दोन प्रश्न निरनिराळे असले तरी उत्तर देणारे तोंड एकच, आणि तें शेजाऱ्याचें. त्यामुळें निकाल झाल्यावर तो पाळला जातो कीं नाहीं, हें पाहणारेहि तेच लोक होते. बांध पुन्हां कोरला तर तो ज्यांच्या निशाण्या कागदावर आहेत त्या सर्वांचा अपमान ठरे. महजराचें बळ त्याच्या शाईंत नव्हतें. गांवांत त्याच लोकांबरोबर आपल्याला पुढें राहावयाचें आहे, ह्या जाणिवेंत होतें.

(६)

तथापि ह्या रीतीचे गोडवे गाऊन थांबणें हें इतिहासाच्या अभ्यासकास शोभणार नाहीं. तिच्या दोन उण्या बाजू स्पष्ट सांगितल्या पाहिजेत.

पहिली दिव्याची. साक्षी व कागद यांनीं गोताचें मन निश्चित झालें नाहीं, म्हणजे दिव्य येई. उकळत्या तेलातुपांतून धातूचा रवा काढावयाचा, किंवा तापलेलें लोखंड हातावर घ्यावयाचें. मग हातास पिशवी बांधून वर मोहर करावयाची व ठरल्या दिवशीं ती सोडून हात पाहावयाचा. हात भाजला तर जमीन गेली. ज्याला आपली बाजू खोटी ठाऊक आहे तो कढईजवळ येण्यापूर्वींच कबूल होत असे, असें दिव्याच्या समर्थनार्थ सांगतात, आणि त्यांत कांहीं तथ्यहि असेल. पण खऱ्या माणसाचा हातहि भाजतो. येथें शीव भूमीवर न शोधतां माणसाच्या कातड्यावर शोधली जाते, आणि शास्त्रकारांनीं केलेला सारा विवेक व्यर्थ होतो.

दुसरी बाजू महाराच्या साक्षीची. गांवची शीव दाखविणें हें महाराचें काम होतें, आणि शिवेच्या वादांत त्याचा शब्द प्रमाण मानीत. राखणदारी, टपाल, सरकारी कामगिरी यांसाठीं गांवाच्या कडेनें जो रात्रंदिवस हिंडतो त्याला शीव पाटलाहून अधिक ठाऊक असावयाचीच. मनूनें गुराख्यांस व सरवा वेचणारांस विचारावयास सांगितलें तें याच कारणानें. परंतु ज्याच्या शब्दावर दोन गांवांच्या शेकडों बिघ्यांचा निर्णय होई, त्याला त्याच गांवांत पाणवठ्यावर जातां येत नसे, ही गोष्ट महजरांत लिहिलेली नसते. हाडकी-हाडोळ्याच्या तुटपुंज्या वतनावर घेतली जाणारी ही सेवा वेठीचीच होती. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीं १९२८ सालीं मुंबईच्या कायदेमंडळांत महार वतनासंबंधीं बिल मांडलें, आणि पुढें १९५८ च्या कायद्यानें कनिष्ठ गांव-वतनें रद्द झालीं. तें योग्यच झालें. त्याबरोबर शीव जाणणारा मनुष्यहि गांवाच्या व्यवस्थेंतून गेला. त्याचें ज्ञान सन्मानानें लिहून घेण्याची बुद्धि कोणास झाली नाहीं, हें मात्र योग्य झालें नाहीं.

(७)

पेशवाई १८१८ सालीं संपली. एल्फिन्स्टननें १८१९ च्या आपल्या अहवालांत पंचायतीचे गुणदोष दोन्ही सांगितले व ती चालू ठेवण्याकडे त्याचा कल होता. परंतु १८२७ च्या नियमांनीं दिवाणी कोर्टांची घडी बसली, तसतशी पंचायत मागें पडली. त्याच सुमारास मोजणीस आरंभ झाला. प्रिंगल यांची पहिली मोजणी फसली. नंतर गोल्डस्मिड व विंगेट यांनीं १८३५-३६ च्या सुमारास इंदापूर तालुक्यांत नवी पद्धति बसविली, व १८४७ च्या संयुक्त अहवालानें तिला कायमचें रूप आलें.

ह्या मोजणीची साखळी ३३ फुटांची असून तिचे १६ आणे पाडलेले असत. एक साखळी लांब व एक साखळी रुंद तो गुंठा, म्हणजे १०८९ चौरस फूट. आणि ४० गुंठ्यांचा एकर. प्रत्येक शेतास नंबर मिळाला, टिपण तयार झालें, हद्दीचे दगड रोविले गेले. कोळसा व कोंडा पुरून जें काम पूर्वीं होई, तें आतां कागदावरील मापांनीं होऊं लागलें. दगड कोणीं उपटला तरी टिपणावरून त्याची जागा पुन्हां काढतां येते, हा ह्या पद्धतीचा मोठा लाभ, आणि तो कमी लेखणें अन्यायाचें होईल. नारदाच्या भाषेंत बोलावयाचें तर ही राजशासननीता सीमा; आणि ती फार काळजीपूर्वक आंखली गेली.

पण मोजणीचा मूळ हेतु सारा बसविणें हा होता. किती जमीन, कोणत्या प्रतीची, सारा किती व तो कोण भरणार, एवढेच प्रश्न तिनें विचारिले. सारा भरणारा तो खातेदार. तो मालकच असेल असें नाहीं. ही उणीव भासल्यावर १९०३ च्या कायद्यानें हक्कनोंदणी सुरू झाली, आणि आज सर्वांच्या परिचयाचा जो सात-बारा, त्याचें मूळ तेथें आहे. तरी ह्या नोंदीसहि कायदा मर्यादित वजन देतो. विरुद्ध सिद्ध होईपर्यंत ती खरी मानावयाची, इतकेंच. केवळ फेरफाराच्या नोंदीनें मालकी उत्पन्न होत नाहीं, असें वरिष्ठ न्यायालयांनीं वारंवार सांगितलें आहे.

याप्रमाणें दोन प्रश्नांचे दोन दरवाजे झाले. हद्दीचा वाद महसुली अधिकाऱ्यापुढें, ही व्यवस्था १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्यांत होती व १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेंतहि आहे. त्या निर्णयानें हद्द व तिच्या दोहों बाजूंच्या धारकांचे त्या जमिनीपुरते हक्क ठरतात. मालकीचा वाद दिवाणी कोर्टापुढें. भेद शास्त्रशुद्ध खरा. परंतु पूर्वीं जें तोंड दोन्ही प्रश्नांचें उत्तर देत असे, तें शेजाऱ्याचें तोंड दोन्ही दरवाजांबाहेर राहिलें. त्यांत १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरणाच्या कायद्यानें अनेक गांवीं सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले, आणि जुनें टिपण, नवा नकाशा व प्रत्यक्ष वहिवाट ह्या तिहींचा मेळ बसविणें हें एक निराळेंच काम होऊन बसलें.

एका ठिकाणीं मात्र शेजारी टिकून राहिला आहे. ताम्रपटांत दान दिलेल्या भूमीचे आघाट, म्हणजे चारी दिशांच्या सीमा सांगत; आजच्या खरेदीखतांतहि चतुःसीमा लिहाव्या लागतात. पूर्वेस अमक्याची जमीन, दक्षिणेस ओढा, पश्चिमेस तमक्याचा बांध. आणि खतांतील क्षेत्राचा आंकडा व चतुःसीमा यांत विरोध आला, तर सामान्यतः चतुःसीमा बलवत्तर मानतात. आंकड्यापेक्षां शेजारी खरा, हें तत्त्व कायद्यानें अद्यापि सोडलेलें नाहीं.

(८)

परंतु मुदतीच्या कायद्यानें दुसऱ्या बाजूनें मोठा फरक केला. स्थावराचा ताबा मागण्यास १८५९ च्या कायद्यानें बारा वर्षांची मुदत घातली. ती १८७१, १८७७, १९०८ व १९६३ च्या कायद्यांतून आजतागायत चालत आली आहे. मालकानें बारा वर्षें दावा न केल्यास व दुसऱ्याचा ताबा उघड, अखंड व मालकाविरुद्ध असल्यास मालकाचा हक्कच नाहींसा होतो. ह्या नियमास याज्ञवल्क्याचा अपवाद नाहीं. सबंध शेत व बांधालगतचें दोन हात रुंदीचें पट्टें यांत कायदा भेद करीत नाहीं. त्यामुळें हद्दीच्या दाव्यांत मोजणी विरुद्ध गेलेला प्रतिवादी, जमीन तुमची असेल, पण बारा वर्षांहून अधिक काळ ती आमच्या वहिवाटींत आहे, असें म्हणावयास मोकळा असतो. शिवेचा प्रश्न हरल्यावर तोच वाद मालकीचा करून पुन्हां उभा राहतो.

प्रतिकूल ताब्याचा हा नियम पुन्हां तपासावा असें सर्वोच्च न्यायालयानें २००८ च्या एका निकालांत सुचविलें. विधि आयोगानें २०२३ च्या आपल्या २८० व्या अहवालांत बदलाची आवश्यकता नाहीं असें मत दिलें. दोन्ही पक्षीं विद्वान आहेत. आमचें म्हणणें इतकेंच कीं, ह्या चर्चेंत सीमेचा अपवाद हा स्वतंत्र विषय म्हणून विचारांत घेण्याजोगा आहे. आणि आपल्या जुन्या ग्रंथांत तो कारणासह मांडलेला आहे.

(९)

ह्या विषयाकडे प्रस्तुत लेखक वळला तो केवळ ग्रंथांमुळें नव्हे. शिक्षकाच्या नोकरींत आमचीं तीस-बत्तीस वर्षें परगांवीं गेलीं. वडिलार्जित थोडी जिराईत जमीन होती, ती वांट्यानें दुसऱ्याकडे होती. निवृत्तीनंतर गांवीं येऊन पाहतों, तों पश्चिमेकडील बांध ओळखू येईना. मोजणी करविली, साडेतीन गुंठे शेजाऱ्याकडे निघाले. शेजारी म्हणजे आमच्या वडिलांच्या पंक्तीस बसलेल्या माणसाचा मुलगा. त्यानें मोजणी अमान्य केली, दावा झाला, आणि त्याच्या कैफियतींत वर सांगितलेलें बारा वर्षांचें कलम आलें.

उत्तरेच्या बाजूस एका वृद्ध शेतकऱ्याची जमीन होती. त्यानें आम्हांस सांगितलें, "गुरुजी, हद्दीचा दगड माझ्या देखत निघाला. कुठें होता तें मी उभा राहून दाखवतों. कोर्टांत म्हणाल तर कोर्टांत सांगतों." तो कोणाच्याहि बाजूचा नव्हता, दोन्ही घरीं त्याचें जाणें-येणें होतें. स्मृतींत सांगितलेला सामन्त तो हाच, असें मनांत आलें. त्याचें नांव साक्षीदारांच्या यादींत घातलें. पण दाव्याचा क्रम ठरलेला असतो. कैफियत, मुद्दे, अर्ज, त्यांवर उत्तरें, तारखा. साक्षीची पाळी येण्यास सहा वर्षें लागलीं. त्या आधींच्या पावसाळ्यांत तो गृहस्थ वारला.

पुढें कोर्टानें नेमलेल्या कमिशनरनें पुन्हां मोजणी केली, आणि अखेर दोघांनीं तडजोड केली. दोन गुंठे परत आले, दीड गुंठा आम्हीं सोडला. दोन्हीकडचा खर्च त्या जमिनीच्या किंमतीशीं ताडून पाहण्याचें धैर्य आम्हांस झालें नाहीं, शेजाऱ्यासहि झालें नसावें. आतां वाटेंत भेट झाली तर नमस्कार होतो. दीड गुंठ्याचें दुःख केव्हांच गेलें. परंतु जो मनुष्य कड दाखवावयास तयार होता, त्याचें म्हणणें कोणीं लिहून घेतलें नाहीं, आणि तें लिहून घ्यावें असें चाळीस वर्षें व्यवहाराध्यायाचें वाचन करणाऱ्या आम्हांसहि वेळेवर सुचलें नाहीं, ही टोंचणी राहिली आहे.

(१०)

एवढ्या विवेचनाचा निष्कर्ष थोडक्यांत असा. शीव कोठें व स्वामित्व कोणाचें हे दोन प्रश्न निरनिराळे ओळखावे, हें शास्त्रकारांनीं शिकविलें. त्या दोहोंचेंहि उत्तर शेजाऱ्यांना हजर ठेवून द्यावें, हें मराठेशाहींतील गोतानें दाखविलें. रेषा अचूक मापून ठेवावी, हें मोजणीनें दिलें. तिन्हींत दोष होते. दिव्य गेलें, वेठ गेली, तें पुन्हां यावयास नको. परंतु तिन्हींतील गुण एकत्र करण्यास आजच्या कायद्याची आडकाठी नाहीं. मोजणीच्या दिवशीं चारी बाजूंच्या शेजाऱ्यांना बोलवावें, त्यांनीं दाखविलेल्या खुणा नकाशाशेजारीं त्यांच्या नांवांसह व सह्यांसह लिहाव्या. तोच आजचा महजर. कारण पुरेसें असेल तर दाव्याच्या कोणत्याहि टप्प्यावर साक्षीदाराची जबानी आधीं घेण्याची तरतूद दिवाणी व्यवहार संहितेंत आहे. वृद्ध शेजाऱ्याचें वय हें तसें कारण होय, हें वादी-प्रतिवादींनीं व त्यांच्या वकिलांनीं वेळीं कोर्टापुढें मांडावें.

मनूनें शिवेवर पुरावयास त्याच वस्तू सांगितल्या, ज्या भूमि खाऊन टाकीत नाहीं. माणसाचें स्मरण तसें नाहीं. तें एका पिढींत जातें. म्हणून ज्यांच्या घरीं शिवेचे जुने महजर असतील त्यांनीं ते जपावे व संशोधकांस दाखवावे. आणि ज्यांच्या शेजारीं शीव जाणणारा एखादा वृद्ध असेल, त्यांनीं येत्या ज्येष्ठांत, मृग लागण्यापूर्वीं, त्याच्याबरोबर एकदां बांधावरून चालून यावें, आणि तो सांगेल तें लिहून ठेवावें.